सावेदादांचीं चलच्चित्रें

हिंदी चित्रपटसृष्टीचा इतिहास सांगतांना आपण बहुधा दादासाहेब फाळके व त्यांचा १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' यांपासून आरंभ करतों. कथापटापुरतें तें रास्तच आहे. परंतु त्याच्या १४ वर्षें आधीं एका मराठी गृहस्थानें मुंबईंतील खराखुरा प्रसंग फितीवर टिपला होता, याचें स्मरण थोड्यांनाच असतें. ते गृहस्थ म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा.

सावेदादा मूळचे छायाचित्रकार व छायाचित्रणाच्या साहित्याचे व्यापारी. ७ जुलै १८९६ रोजीं वॉटसन हॉटेलांत ल्यूमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा खेळ झाला आणि मुंबईला या नव्या कलेचें वेड लागलें. सावेदादांनीं २१ गिनी मोजून विलायतेहून कॅमेरा मागविला. १८९९ मध्यें हँगिंग गार्डन येथें पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती लावून त्यांनीं ती टिपली. फीत धुण्यासाठीं इंग्लंडला पाठवावी लागली. पुढें त्यांनीं प्रक्षेपणयंत्रहि घेतलें व स्वतःच खेळ करूं लागले.

विषय निवडणारे तेच, यंत्र फिरविणारे तेच, प्रेक्षक जमविणारेहि तेच! पुढें निरनिराळ्या माणसांत वांटलीं गेलेलीं हीं कामें तेव्हां एकाच्याच अंगावर होतीं. नट व नेपथ्य यांचा पसारा मांडण्यापेक्षां, जेथें कांहीं घडत आहे तेथें कॅमेरा घेऊन जाणें अशा माणसाला सोयीचें वाटलें असावें. केंब्रिजला १८९९ मध्यें 'सीनियर रँग्लर' झालेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ मध्यें मायदेशीं परतले, तेव्हां त्यांचें स्वागत सावेदादांनीं टिपलें. १९०३ चा लॉर्ड कर्झनचा दिल्लीदरबारहि त्यांनीं चित्रित केला. एकीकडे हिंदी बुद्धीचा गौरव, दुसरीकडे साम्राज्याचा डामडौल. एकाच माणसानें दोन्ही पाहून ठेविलें.

पुढें त्यांनीं चित्रण सोडलें व मुंबईच्या गेइटी थिएटरची व्यवस्था पाहिली. १९५८ मध्यें ते निवर्तले. फितींचें जतन करणारें राष्ट्रीय संग्रहालय पुण्यास निघालें तें १९६४ सालीं. सावेदादांची एकहि फीत आज पाहावयास मिळत नाहीं. चित्र घेणें, दाखविणें, विकणें, सारें त्यांनीं केलें. जपून ठेवण्याचें काम मात्र तेव्हां कोणाचेंच नव्हतें. परांजप्यांच्या स्वागताला जमलेल्या त्या माणसांचे चेहरे आपण गमावले, ते या एका उणीवेपायीं.