पाषाणाचा हक्क आणि परवान्याचा नकार

मराठेशाहीतील इनामी गावांच्या सनदा ज्यांनी वाचल्या आहेत, त्यांना जल, तरु, तृण, काष्ठ, पाषाण आणि निधिनिक्षेप ही ठरावीक नामावली परिचित असेल. गावाबरोबर गावातील दगडही दिला, असा तिचा सरळ अर्थ होत असल्यामुळे, इनामदाराने डोंगराच्या उतारावर खाण काढली तर तिच्या समर्थनार्थ सनदेकडे बोट दाखविण्यास त्याला जागा होती.

इंग्रजी अमदानीत या भूमिकेला मर्यादा पडल्या. मुंबई इलाख्याच्या १८७९ च्या जमीन महसूल कायद्याने, कलम ६९ अन्वये, खालसा जमिनींतील खाणी व खनिजे यांवरील हक्क सरकारकडे राखून ठेवला. परंतु कब्जेदाराचा एखादा हक्क आधीपासून चालत आला असल्यास त्याला बाध येणार नाही, अशी पुस्तीही त्याच कलमास जोडली. त्यामुळे दगडाविषयीचा वाद मूलतः मालकीचा राहिला, आणि जमीन इनामी की खालसा, वहिवाट जुनी की नवी, याचा शोध दफ्तरांतील कागदांतून घ्यावा लागे. स्वातंत्र्योत्तर काळात इनामे खालसा झाली, आणि १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ ने खनिज पृष्ठभागावर असो वा भूगर्भात, त्यावरील हक्क राज्य शासनाचा असल्याचे घोषित केले.

दरम्यान १९५७ च्या केंद्रीय खनिज कायद्याने इमारती दगड, खडी, साधी माती व वाळू यांना गौण खनिजांत घातले आणि त्यांच्या खाणपट्ट्यांचे नियम करण्याचा अधिकार कलम १५ अन्वये राज्यांना दिला. आता फिर्यादीचे स्वरूपच पालटले. दगड माझा आहे, हे म्हणणे मागे पडून, माझा अर्ज अन्यायाने फेटाळला, हे म्हणणे पुढे आले. आणि राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ ने त्यासाठी उच्च न्यायालयाचे दार उघडे ठेवले होते.

या नव्या वादाचा कस लागला तो तामिळनाडूत. तेथील शासनाने डिसेंबर १९७७ मध्ये आपल्या गौण खनिज नियमांत ८-क हा नियम घालून, परदेशांतही मागणी असलेल्या काळ्या ग्रॅनाइटचे पट्टे खासगी व्यक्तींना देणे बंद केले, आणि ते काम स्वतःकडे किंवा सरकारी महामंडळाकडे घेण्याची वाट मोकळी केली. ज्यांचे नव्या पट्ट्यांचे वा नूतनीकरणाचे अर्ज आधीच दाखल होते, त्यांनी उच्च न्यायालयात धाव घेतली. नियमनाच्या अधिकारात सरसकट मनाई बसत नाही, आणि आमचे अर्ज जुन्या नियमांनुसारच निकालात काढले पाहिजेत, असा त्यांचा युक्तिवाद होता. मद्रास उच्च न्यायालयाने नियम अवैध ठरविला. परंतु सर्वोच्च न्यायालयाने ५ फेब्रुवारी १९८१ रोजी, हिंद स्टोन या नावाने ओळखल्या जाणाऱ्या निवाड्यात, तो निर्णय फिरविला. न्यायमूर्ती ओ. चिन्नप्पा रेड्डी यांनी खनिजे ही राष्ट्राची संपत्ती असून कोणत्याही एका पिढीने ती संपवू नये, असे प्रतिपादन केले. आणि पट्टा मिळण्याचा किंवा त्याचे नूतनीकरण होण्याचा निहित हक्क कोणासही नसल्यामुळे, अर्जाचा निकाल तो निकाली काढण्याच्या दिवशी अमलात असलेल्या नियमांनीच लागेल, असे ठरविले.

या निवाड्यातील तत्त्व उदात्त आहे, तथापि त्याची एक बाजू अर्जदाराला जाचक आहे. अर्ज वाजवी काळात निकालात निघावा हे न्यायालयाने मान्य केले. पण तो रेंगाळला म्हणून जुन्या नियमाचा लाभ मिळेल, हे मान्य केले नाही. म्हणजे कचेरीतील दिरंगाईची किंमत अर्जदारानेच मोजावयाची. पुढे, २०१२ च्या दीपक कुमार निवाड्याने पाच हेक्टरांहून लहान पट्ट्यांनाही पर्यावरणीय मंजुरीची अट लागू केल्यावर, नकाराच्या कारणांत आणखी एका सबळ कारणाची भर पडली. उलट २०१३ मध्ये मलबारमधील जन्मी, म्हणजे परंपरागत पूर्ण मालकीच्या, जमिनींच्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने भूगर्भातील खनिजांची मालकी जमीनधारकांची मानली, यावरून मालकीचा जुना प्रश्न सर्वत्र निकालात निघाला नव्हता हेही दिसते.

तरीही परवाना नाकारला गेलेला मनुष्य न्यायालयातून सहसा खाण घेऊन परतत नाही. अधिकाऱ्याने कारण दिले होते काय, म्हणणे ऐकले होते काय, शेजाऱ्याला एक न्याय आणि याला दुसरा असे झाले काय, एवढेच तेथे तपासले जाते आणि फार तर अर्जाचा फेरविचार करण्याचा हुकूम मिळतो. इनामदाराच्या व्यापक हक्काच्या मानाने हे अल्प खरे. परंतु सनद नसलेल्या सामान्य अर्जदारालाही ते मागता येते, हे या दीर्घ स्थित्यंतराचे फलित कमी लेखण्याजोगे नाही.