ताटातल्या तांदळावरचं नाव



लग्न लागलं की आपल्याकडे बऱ्याच घरांत एका ताटात तांदूळ पसरतात, आणि नवरदेव अंगठीनं त्यावर नवरीचं नवं नाव लिहितो. सगळ्या बायका वाकून बघतात, हसतात, पेढे वाटले जातात. मग ते तांदूळ गोळा होतात, पण नाव राहतं. आमच्या वाचनगटानं यंदा मराठीतल्या बायकांच्या आठवणी आणि काही कादंबऱ्या वाचायला घेतल्या, तेव्हा पुस्तकागणिक हे ताट आमच्या समोर येत राहिलं. या बायका कोण होत्या, हे सांगताना आधी त्यांची नावं किती वेळा बदलली तेच सांगावं लागतं. म्हणून आजच्या बोलण्याचा धागा हाच धरला आहे.

सुरुवात मात्र एका पुरुषाच्या पुस्तकानं करावी लागते. हरि नारायण आपट्यांची 'पण लक्षात कोण घेतो?' १८९० च्या सुमारास 'करमणूक' साप्ताहिकातून येऊ लागली. त्यातली यमू आपली कहाणी स्वतःच्या तोंडानं सांगते. माहेर, सासर, मुंबईतले थोडेसे सुखाचे दिवस, मग वैधव्य आणि जबरदस्तीनं केलेलं केशवपन. त्या काळी पुरुषानं मुलीच्या 'मी'मध्ये शिरून एवढं लिहावं हे मोठंच काम होतं, ते आम्ही नाकारत नाही. पण यमू शेवटी मरते. आमच्यातल्या एकीनं पुस्तक मिटताना म्हटलं, "हिला जगू दिलं असतं तर हिनं काय लिहिलं असतं?" त्याचं उत्तर पुढच्या वीस वर्षांत खऱ्या बायकांनी दिलं.

१९१० साली रमाबाई रानड्यांचं 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' आलं. माहेरची ही यमुना कुर्लेकर. १८७३ साली अकराव्या वर्षी लग्न झालं आणि ती रमा झाली. नवरा न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे, वय एकतीस, पहिली पत्नी वारलेली. रानड्यांनी तिला शिकवायला घेतलं, आणि घरातल्या बायकांना ते सोसलं नाही. पुढे पुण्यात मुलींसाठी हायस्कूल हवं म्हणून गव्हर्नरांसमोर तिनं इंग्रजीत मागणी वाचून दाखवली, तेव्हाही घरी आल्यावर ऐकून घ्यावं लागलंच. एकाच घरात नवरा म्हणतो वाच आणि बाकीच्या म्हणतात वाचू नकोस, या कात्रीत त्या मुलीनं कशी वर्षं काढली असतील, हे ज्या सुनांनी सासरी राहून डी.एड. केलं त्यांना वेगळं सांगायला नको.

या पुस्तकातला एक शब्द आम्हाला फार दिवस पुरला. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, मग त्याला म्हणायचं काय? रमाबाई 'स्वतः' म्हणतात. 'स्वतः' म्हणजे त्या नव्हेत, न्यायमूर्ती! १९३८ साली या पुस्तकाचं इंग्रजी भाषांतर झालं, त्याचं नावही 'हिमसेल्फ' असंच ठेवलं गेलं. बाईच्या आठवणी, आणि त्यात 'स्वतः' कोण तर नवरा. आम्ही आधी हसलो. पण रमाबाईंना नुसतं सावलीतली बाई म्हणणं खरं होणार नाही. १९०१ साली रानडे गेले. त्यानंतर त्यांनी पुण्यात सेवासदन उभं केलं, त्यातून कितीतरी बायका शिक्षिका आणि नर्स होऊन बाहेर पडल्या. पुस्तकात मात्र हे मोठेपण त्या स्वतःकडे घेत नाहीत. नम्रता म्हणावी की सवय, यावर आमच्यात दोन तट पडले ते अजून तसेच आहेत.

लक्ष्मीबाई टिळकांची गोष्टच निराळी. माहेरची मनकर्णिका गोखले, नाशिकजवळच्या जलालपूरची. घरात वडिलांचं कडक सोवळं, बाहेरून आलेली वस्तू धुतल्याशिवाय आत यायची नाही. अकराव्या वर्षाच्या आसपास नारायण वामन टिळकांशी लग्न झालं आणि मनूची लक्ष्मी झाली. नवरा कवी, प्रेमळ, रागीट आणि एका जागी न टिकणारा. १८९५ साली त्यानं मुंबईला जाऊन ख्रिस्ती धर्म घेतला. घरी न सांगता.

आता विचार करा, पदरात लहान मूल, नवरा जिवंत पण जातीबाहेर गेलेला. विधवाही नाही आणि सवाष्णही नाही. बहीण आणि मेहुण्यांच्या आधारानं तिनं ते दिवस काढले. पुढे ती टिळकांकडे परत गेली, पण धर्म न बदलता, आपली चूल आणि आपलं सोवळं सांभाळून. 'स्मृतिचित्रे'मधली ही पानं आम्ही सर्वांत हळू वाचली. कारण ती नवऱ्याच्या मागोमाग गेली नाही. ज्या जातीभेदावर लहानपण पोसलं, त्याचा तिनं आपल्याच डोक्यानं उलटसुलट विचार केला, तो पटेनासा झाला तेव्हा सोडला, आणि मग १९०० साली बाप्तिस्मा घेतला. मधे पाच वर्षं गेली. ती पाच वर्षं तिची होती असं आम्हाला वाटतं.

शाळेत गेली नसल्यानं तिची भाषा ओसरीवर बसून बोलावी तशी आहे. रडण्यासारख्या प्रसंगातही ती आधी स्वतःला हसते. १९१९ साली टिळक गेले, त्यांचं अपुरं राहिलेलं 'ख्रिस्तायन' तिनं पूर्ण केलं. 'स्मृतिचित्रे' १९३४ पासून भागाभागांनी छापून आलं, आणि १९३६ मध्ये लक्ष्मीबाई गेल्या. शेवटचा भाग मुलानं, देवदत्त टिळकांनी पुरा केला. नवऱ्याचं पुस्तक बायकोनं पुरं केलं आणि आईचं मुलानं, असं हे घर.

आनंदीबाई कर्व्यांचं 'माझे पुराण' १९४४ चं. देवरुखच्या जोश्यांची गोदू बालपणीच विधवा झाली, पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनात शिकायला आली, आणि ११ मार्च १८९३ ला धोंडो केशव कर्व्यांशी पुनर्विवाह करून आनंदी झाली. कर्व्यांच्या मुरुडनं त्यांना वाळीत टाकलं. पण शेवटपर्यंत लोक तिला म्हणत राहिले बाया कर्वे. मिळून नावं किती झाली, मोजा तुम्हीच.

आतापर्यंतच्यांची नावं दुसऱ्यांनी बदलली. १९३३ साली मात्र एका बाईनं आपलं नाव आपणच लपवलं. 'कळ्यांचे निःश्वास' या कथासंग्रहावर नाव होतं विभावरी शिरूरकर. शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, लग्न लांबत चाललेल्या मुलींच्या मनातलं त्यात होतं. मुलीच्या पगारावर घर चालतंय म्हणून तिच्या लग्नाचं नाव न काढणारे आईबापही होते. महाराष्ट्रात गदारोळ उठला. ही बाई कोण, याचाच शोध जास्त चालला. ती होती बाळूताई खरे, मुलींच्या शाळेतली शिक्षिका, पुढे मालतीबाई बेडेकर. पुढच्याच वर्षी 'हिंदोळ्यावर' आली, त्यातली अचला नवऱ्यापासून वेगळी होऊन नवा संसार मांडू बघते. पुस्तकं म्हणून बघितलं तर 'स्मृतिचित्रे' आजही ताजं वाटतं आणि 'हिंदोळ्यावर'मधली भाषा काही जागी जुनी झाली आहे. पण त्या काळी शिक्षिकेनं हे लिहिणं म्हणजे नोकरी पणाला लावणं होतं.

ही सगळी पुस्तकं वाचून झाली तेव्हा आमच्यातल्या एकीनं विचारलं, "या सगळ्या ब्राह्मणांच्याच का?" प्रश्न बरोबर होता. पाटी ज्या घरात आधी आली, तिथलं पुस्तक आधी आलं.

बेबीताई कांबळे फलटणच्या. द्राक्षं विकण्यापासून सुरू झालेलं त्यांचं छोटं किराणा दुकान होतं. पुड्या बांधायला रद्दी यायची, ती त्या वाचायच्या. दुकानात बसूनच लिहायच्या, आणि लिहिलेलं नवऱ्यापासून लपवून ठेवायच्या. अशी वीस वर्षं गेली. १९८२ मध्ये ते 'स्त्री' मासिकातून आलं आणि १९८६ मध्ये पुस्तक झालं, 'जिणं आमुचं'. महारवाड्यातल्या कोवळ्या सुनांचे हाल त्यात आहेत. पळून गेलेल्या सुनेच्या पायात लाकडाचा जड खोडा घालायचे, हेही त्यांनी झाकलं नाही. आपल्या माणसांवर बाहेरच्यांनी केलेला अन्याय लिहिताना घरातला अन्याय वगळायचा नाही, याला छाती लागते. स्वतःच्या संसारातली मारहाण मात्र त्यांनी पुस्तकात घातली नाही, ती पुढे मुलाखतीत सांगितली.

रमाबाईंच्या 'आमच्या'त दोघं आहेत. बेबीताईंच्या 'आमुचं'मध्ये सगळी वस्ती आहे. मग यात 'मी' कुठे, असं विचारणाऱ्यांना आम्ही एवढंच म्हणू की ते लपवलेले कागद बघा. १९८६ सालीच शिक्षिका शांताबाई कांबळ्यांचं 'माज्या जल्माची चित्तरकथा' पुस्तकरूपानं आलं. २००३ साली ऊर्मिला पवारांचं 'आयदान' आलं. आयदान म्हणजे बांबूचं विणकाम. वडील गेल्यावर रत्नागिरीकडच्या खेड्यात आईनं टोपल्या, सुपं विणून पोरं वाढवली, त्या विणण्याशी लेकीनं आपलं लिहिणं जोडलं. लग्नानंतर एम.ए. करायला निघाल्यावर घरात काय काय झालं, तेही त्या सरळ सांगतात.

आता आपल्याकडे वळू. शाळेच्या दाखल्यावर एक नाव, आधार कार्डावर दुसरं, आणि बँकेत किंवा सातबाऱ्यावर नाव लावायची वेळ आली की दोन्ही नावांची एकच बाई आहे हे सिद्ध करायला हेलपाटे, हे तुमच्यातल्या अनेकींना ठाऊक आहे. लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असा कायदा नाही, हे पुन्हा एकदा सांगून ठेवतो. आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात महाराष्ट्र सरकारनं आईचं नाव बंधनकारक केलं आहे: आधी मुलाचं, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव.

पुढच्या भागात 'स्मृतिचित्रे'बद्दल आणखी बोलू. तोवर एक काम करा. घरातल्या कोणा म्हाताऱ्या माणसाला तुमच्या आजीचं माहेरचं नाव विचारा, पहिलं नाव आणि आडनाव, दोन्ही. आमच्या गटात अकराजणी आहेत. त्यातल्या चौघींनाच ते सांगता आलं.