बंदुकीचा परवाना : मर्जी आणि कायदा

रानडुकरं उभं पीक लोळवतात, आडरानातल्या वस्तीला चोराचं भय असतं. मग माणूस बंदुकीचा परवाना मागतो. तो द्यावा की नाही, हे कोणी आणि कशावरून ठरवायचं?

१८७८ साली लॉर्ड लिटन यांच्या अमदानीत हत्यारांचा कायदा झाला. हिंदी माणसाला परवान्याची सक्ती, गोऱ्या साहेबाला सूट! गांधीजींनीही या कायद्याला दोष दिला.

स्वतंत्र भारताचा कायदा १९५९ सालचा. तो १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला. त्याने अधिकाऱ्याची मर्जी संपवली नाही, पण तिला दावं बांधलं. पीक राखायला ठासणीची बंदूक हवी असेल, तर नियम थोडा सैल. पिस्तूल हवं, तर सबळ कारण दाखवावं लागतं. सार्वजनिक शांततेसाठी परवाना नाकारता येतो. मात्र अर्जदाराची मालमत्ता तुटपुंजी, एवढ्याच सबबीवर नाही. नकाराचं कारण लेखी नोंदवावं लागतं आणि त्यावर अपीलही करता येतं.

तेव्हा नकार आला, तर हात जोडून परत फिरू नका. कारण लेखी मागा. सार्वजनिक हिताला बाध येत नसेल, तर ते द्यावंच लागतं. मर्जीला कारण विचारता येणं, हाच दोन कायद्यांतला मोठा फरक.