केक कापताना काय वाजवायचं?

न्यू जर्सीत ऑनसाइट असतानाची गोष्ट. टीममधल्या एका अमेरिकन मित्राचं लग्न ठरलं. डीजेचा खर्च वाचवायचा म्हणून गाण्यांचं खातं माझ्याकडे आलं (लॅपटॉप आणि स्पीकर दोन्ही माझे, एवढीच माझी पात्रता). पहिल्या नाचाचं गाणं त्या दोघांनी आधीच निवडलं होतं. केक कापतानाचं मात्र "तूच बघ" म्हणाला. म्हटलं, त्यात काय बघायचंय? हिंदी सिनेमात चर्चमध्ये लग्न लागलं की ऑर्गनवर वाजते ती धून आहेच की. वसईच्या मित्राच्या लग्नातही ऐकली होती. यादीत टाकली नि मेल धाडला.

पाच मिनिटांत स्वारी माझ्या क्यूबिकलपाशी. "एवढं सोडून काहीही लाव. आजी पुढच्याच टेबलावर असेल." आजी ज्यू, नव्वदीच्या, लहानपणी आईवडिलांबरोबर जर्मनीतून निसटलेल्या. धून वाग्नरची आहे हे मला ठाऊकच नव्हतं. तो अजिबात रागावला नाही, त्यामुळे मी जास्तच ओशाळलो. तो अख्खा वीकेंड मग वाचण्यात गेला.

धून 'लोहेनग्रिन' या ऑपेरातली. पहिला प्रयोग २८ ऑगस्ट १८५० ला वायमारमध्ये झाला, संचालन फ्रान्झ लिस्टचं. तिसऱ्या अंकात नवरानवरीला शयनगृहात पोचवताना हे समूहगान होतं. नवऱ्याची अट अशी की माझं नावगाव कधी विचारायचं नाही. एल्सा त्याच रात्री विचारते. तो निघून जातो, ती मरते. म्हणजे ज्या लग्नाची ही धून, ते एक रात्रसुद्धा धड टिकलं नाही! (आपल्याकडे निदान आधी 'सावधान' म्हणायची पद्धत आहे.)

पण आजींचं दुखणं वेगळं होतं. त्या प्रयोगानंतर लगेच, म्हणजे सप्टेंबर १८५० मध्ये, जर्मनीतल्या एका संगीतविषयक नियतकालिकात 'संगीतातलं ज्यूपण' या विषयावर एक लेख आला. लेखकाचं नाव के. फ्रायगेडांक. मतितार्थ असा, की ज्यू माणूस संगीत कितीही उत्तम शिकला तरी त्याच्या हातून अस्सल कला घडणार नाही. ठळक उदाहरण म्हणून फेलिक्स मेंडेलसोन. तो बिचारा उत्तर द्यायलाही नव्हता, १८४७ सालीच गेलेला. शिवाय त्याचा वयाच्या सातव्या वर्षीच बाप्तिस्मा झाला होता, पण त्याची पर्वा कुणाला? फ्रायगेडांक म्हणजे अर्थातच वाग्नर. तरुणपणीचा आगाऊपणा म्हणून सोडून द्यावं, तर १८६९ साली त्यानं तोच लेख वाढवून स्वतःच्या नावानं पुन्हा छापला.

आणि गंमत बघा. लग्न लागल्यावर जोडपं चर्चबाहेर पडताना जी दुसरी प्रसिद्ध धून वाजते, ती मेंडेलसोनची! शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'साठी त्यानं ती १८४२ साली रचली. १८५८ साली व्हिक्टोरिया राणीच्या थोरल्या मुलीच्या लग्नात ती वाजली आणि तिची लाट आली. तेव्हापासून किती लग्नांत वाग्नरच्या सुरांवर आत यायचं नि मेंडेलसोनच्या सुरांवर बाहेर पडायचं, असं चालत आलंय. ऑर्गनवाला नुसतं पान उलटतो.

नाझींनी पान उलटू दिलं नाही. मेंडेलसोनच्या संगीतावर बंदी आली. नोव्हेंबर १९३६ मध्ये लाइपझिगमधला त्याचा पुतळा रातोरात हलवला. शेक्सपिअरच्या त्याच नाटकासाठी कार्ल ऑर्फकडून नवं संगीत करून घेतलं, ते १९३९ मध्ये सादर झालं. आजींचं लहानपण नेमकं याच वर्षांतलं. इथे आल्यावर मी थोडा वेळ लॅपटॉप मिटून ठेवला. (पुतळ्याची प्रतिकृती २००८ साली पुन्हा उभी राहिली.)

असो. केकचा प्रश्न तसाच होता, कारण केकची स्वतःची अशी धूनच नाही. व्हिक्टोरियाच्या १८४० च्या लग्नातला केक सुमारे ३०० पौंडांचा होता. पुढे आयसिंग इतकं टणक व्हायला लागलं की नवरीला एकटीला सुरी चालवणं जड जायचं, म्हणून नवऱ्याचा हात लागला. आज आपण ज्याला रोमँटिक पोझ म्हणतो, ती मुळात हमाली! अमेरिकेत 'फार्मर इन द डेल' या पोरांच्या खेळगाण्याच्या चालीवर 'नवरी केक कापते' असं म्हणतात. मला ते आवडलं होतं, पण नवरीनं नाक मुरडलं.

शेवटी 'शुगर, शुगर' ठरलं. १९६९ चं, 'द आर्चीज'चं. बँडच मुळी कार्टूनमधला, त्याचा इतिहास काय खोदून काढणार! आजींनी मात्र नातवाकरवी एक निरोप धाडला होता. बाहेर पडताना मेंडेलसोन हवा, आणि आवाज मोठा ठेव म्हणावं.

लग्नाच्या दिवशी फोटोग्राफरनं सुरी धरलेल्या दोघांना इतकं ताटकळवलं, की केक कापायच्या आधीच पावणेतीन मिनिटांचं गाणं संपलं. सगळे माझ्याकडे बघायला लागले. पुढच्या टेबलावर आजी चमच्यानं बशीवर ठेका धरून बसल्या होत्या, त्या थांबल्याच नव्हत्या. मी गाणं पुन्हा पहिल्यापासून लावलं.