पोकळ डोंगराची कुळकथा

खेळण्यातल्या आगगाडीशेजारी डोंगर आला तो केवळ बोगद्यासाठी. जर्मनीतल्या मेर्कलिन कंपनीने १८९१ साली लायप्झिगच्या व्यापारी मेळ्यात किल्लीवर धावणारी गाडी आणि जोडत वाढवता येणारे रूळ मांडले, तेव्हा ही गाडी घरातल्या जमिनीवरूनच फिरायची. पुढे खेळणीवाल्यांनी पत्र्याचे नि कागदी लगद्याचे तयार बोगदे विकायला काढले. गाडी इकडून आत शिरते आणि तिकडून बाहेर पडते, एवढंच त्यांचं काम. मुलांना तेवढं पुरत असे.

मोठ्यांना पुरेना. अमेरिकेत १९३४ साली मिलवॉकीहून ‘मॉडेल रेलरोडर’ हे मासिक निघू लागलं. त्या सुमाराला लहान आकाराच्या रेल्वेचा नाद हा प्रौढांचा छंद होत चालला होता आणि घराची तळघरं रुळांनी भरू लागली होती. इंजिनं, डबे, सिग्नल मापात असायचे; डोंगराचं मात्र काही खरं नव्हतं. लाकडाच्या उभ्या फळ्या चढउताराच्या आकारात कापायच्या, त्यांवर बारीक तारेची जाळी ठोकायची आणि वरून प्लास्टर थापायचं. अर्धं प्लास्टर जाळीतून खाली गळायचं. ते धरून राहावं म्हणून त्यात लाकडाचा भुसा घालत, अ‍ॅस्बेस्टॉसची पूडसुद्धा घालत. ती घातक आहे याची तेव्हा कुणी फिकीर करत नव्हतं. जाळीच्या कापलेल्या टोकांनी हात ओरबाडायचे. एवढं करून जे उभं राहायचं ते डोंगर कमी आणि गिलावाच जास्त वाटायचं. शिवाय वजन इतकं की रुळाची वाट जरा बदलायची म्हटली तर हातोडा नि छिन्नी घेऊन पाडकामच काढावं लागे.

यावर तोड काढली लिन वेस्टकॉट यांनी. १९६१ ते १९७७ या काळात ते ‘मॉडेल रेलरोडर’चे संपादक होते. त्यांनी रुजवलेल्या पद्धतीचं नाव ‘हार्डशेल’, म्हणजे कठीण कवच. चुरगळलेल्या वर्तमानपत्रांचा ढीग रचायचा, किंवा पुठ्ठ्याच्या पट्ट्यांची सैलसर वीण करायची. स्वयंपाकघरातले कागदी टॉवेल पातळ कालवलेल्या प्लास्टरमध्ये बुडवून त्यावर एकावर एक पसरायचे. प्लास्टर घट्ट झालं की खालची वर्तमानपत्रं ओढून काढायची. उरतं ते अर्ध्या सेंटिमीटरच्या आसपास जाडीचं कवच, आतून साफ रिकामं. दिवाळीत विटा-दगडांच्या ढिगावर चिखलात बुडवलेलं गोणपाट पसरून किल्ला करणाऱ्या आपल्याकडच्या पोरांना यात फारसं नवल वाटणार नाही.

कवच उभं राहतं ते प्लास्टरच्या जातीमुळे. जिप्सम हा खनिज दगड साधारण दीडशे अंशांपर्यंत तापवला की त्याच्या स्फटिकांत बांधलेलं तीनचतुर्थांश पाणी निघून जातं आणि प्लास्टर ऑफ पॅरिस तयार होतं. गणपतीच्या मूर्तींमुळे आपल्याकडे वादात सापडलेलं पीओपी ते हेच. पाणी मिळालं की त्याचे पुन्हा स्फटिक बनतात, म्हणून ते वाळत नाही, जमतं. अगदी पाण्याखालीही जमतं. वेस्टकॉट यांनी निवडलेलं हायड्रोकॅल याच कुळातलं, पण दाबाखालच्या वाफेत केलेलं. त्याचे कण घट्ट असतात, कालवायला पाणी कमी लागतं आणि जमल्यावर ते साध्या पीओपीच्या दुपटीहून अधिक मजबूत भरतं. फक्त हात चलाख हवा. भांड्याला आधीच्या घाण्याचे जमलेले कण चिकटलेले असले तर नवा घाणा बघता बघता आवळतो, कारण ते कण स्फटिकांना बी पुरवतात.

कापडाला प्लास्टर पाजून पातळ पण ताठ कवच करायचं, ही मूळ युक्ती मात्र रेल्वेवाल्यांची नव्हे. अँटोनियस मॅथिसन या डच लष्करी शल्यचिकित्सकाने १८५२ साली मोडलेल्या हाडांसाठी प्लास्टरची पट्टी प्रसिद्ध केली. सुती पट्टीत कोरडी पूड चोळून ठेवायची, वेळ आली की भिजवून गुंडाळायची. आज छंदाच्या दुकानांत डोंगरासाठी मिळणारी प्लास्टरची गुंडाळी त्याच वंशातली आहे. तिला कागदी टॉवेलची खरकटी कटकट नाही, पण पैसे बरेच पडतात.

एवढ्याने डोंगराचा आकार झाला, खडक झाला नाही. तो आला रबराच्या साच्यातून, आणि माझ्या मते या साऱ्या कुळात खरी प्रतिभा इथे आहे. खऱ्या दगडावर द्रव लेटेक्सचे पातळ हात एकामागून एक द्यायचे, मध्ये जाळीदार कापड घालायचं, वाळलं की सोलून काढायचं. त्यात प्लास्टर ओतायचं आणि ते अर्धवट जमलं असताना साच्यासकट कवचावर दाबून धरायचं. नमुना म्हणून कोळशाचं ढेकूळही उत्तम चालतं. हे साधतं कारण तुटलेल्या दगडाला स्वतःचं माप नसतं. मुठीएवढ्या तुकड्याच्या भेगा आणि शंभर फुटी कड्याच्या भेगा सारख्याच दिसतात. भूवैज्ञानिक खडकाच्या फोटोत हातोडा ठेवतात तो यासाठीच. एकास सत्त्याऐंशी मापाचं झाड किंवा माणूस घडवताना घाम फुटतो, कडा मात्र निसर्गाकडून आयता मिळतो.

रंगाची गोष्ट थोडक्यात. वेस्टकॉट कोरडं प्लास्टर आणि रंगाची पूड एकत्र करून चहाच्या गाळणीने ओल्या उतारावर भुरभुरवायला सांगत. त्याला त्यांनी ‘झिप टेक्स्चरिंग’ म्हटलं. पुढे पिवळ्या मातकट आणि तपकिरी रंगांचे पातळ ठिपके बिबट्याच्या अंगासारखे टाकून वरून काळं पाणी सोडण्याची चाल पडली. काळं भेगांत उतरतं आणि सावली आपोआप पडते.

मग घरबांधणीतल्या उष्णतारोधक फोमच्या पाट्या आल्या, निळ्या नि गुलाबी. थर चिकटवायचे आणि सुरीने, करवतीने किंवा तापल्या तारेने कोरायचे. पोकळ डोंगर त्यामुळे भरीव झाला, आणि तरीही एका हाताने उचलता येईल इतका हलका राहिला. कातळ मात्र फोममध्ये मनासारखा उतरत नाही. म्हणून फोमच्या उतारावर आजही प्लास्टरचेच ओतीव खडक चिकटवतात, आणि फोमचा भुगा घरभर उडून कपड्यांना चिकटतो त्याबद्दल घरच्यांचं ऐकून घेतात.