चिनी खात्याची शिल्लक

मराठी माणसाचा चीनशी संबंध पूर्वी तीनच ठिकाणी येत असे. पहिला लोणच्याच्या बरणीत, कारण बरणी चिनीमातीची. दुसरा चहाच्या कपात, कारण चहा मुळात तिकडचा. आणि तिसरा डॉक्टर कोटणिसांच्या गोष्टीत. सोलापूरचा हा तरुण डॉक्टर १९३८ साली चीनला गेला, तिथल्या जखमी सैनिकांवर शस्त्रक्रिया करीत राहिला आणि १९४२ साली तिथेच वारला. १९४६ साली शांतारामबापूंनी त्याच्यावर चित्रपट काढला आणि आमच्या आधीच्या पिढीने तो डोळे पुसत पाहिला. आता चौथा संबंध सुरू झाला आहे. तो संध्याकाळी सातनंतर कोपऱ्यावरच्या गाडीवर लाल रंगात भेटतो आणि "ड्राय की ग्रेव्ही?" एवढा एकच प्रश्न विचारतो.

हे चौथे प्रकरण आपल्याकडे आले कुठून, याचा उलगडा मला चीनमध्ये नव्हे, कलकत्त्यात झाला. (या शहराला २००१ सालापासून कोलकाता म्हणायचे, हे मला ठाऊक आहे. पण जुन्या खात्यावर नवे नाव चढवायला आमच्या बँकेतसुद्धा वेळ लागतो.)

बँकेतल्या माणसाला प्रवासाची आवड वगैरे नसते. त्याला एल.एफ.सी. असते. ब्लॉक संपत आला की तो बायकामुलांना घेऊन भारताच्या नकाशावर जास्तीत जास्त लांबचा बिंदू शोधतो. आमचा बिंदू कलकत्ता निघाला. दक्षिणेश्वर झाले, व्हिक्टोरिया मेमोरियल झाले, आणि मग चिरंजीवांनी मोबाईलवर एक नवीनच शोध लावला. पहाटे उठून, पैसे भरून, एका मार्गदर्शकामागे पायी हिंडायचे आणि जुन्या चिनी वस्तीत फुटपाथवर नाश्ता करायचा.

"चालायचे पैसे?" सौभाग्यवती म्हणाली. "अहो, आपल्याकडे सकाळी माणसं फुकट चालतात."

"अगं, खायचे आहेत ते," मी म्हणालो.

"मग खायचे वेगळे द्यायचे नाहीत ना?"

द्यायचे होते. पण तोवर पैसे भरून झाले होते, आणि भरलेले पैसे परत मिळत नसतात हे बँकेतल्या माणसाला कुणी सांगायला नको.

तर सकाळी सहा वाजता लालबाजारच्या पोलीस मुख्यालयाजवळ, पोद्दार कोर्ट नावाच्या इमारतीमागे आम्ही आठजण जमलो. मार्गदर्शक म्हणजे वीस-बावीस वर्षांचा एक बंगाली मुलगा. मला दादा, हिला बौदी आणि चिरंजीवांना "ब्रो" म्हणत त्याने तीन पिढ्यांचा प्रश्न एका वाक्यात सोडवला.

या जागेचे नाव टिरेटा बाजार. आता टिरेटा हे नाव चिनी नव्हे आणि बंगालीही नव्हे. हे गृहस्थ इटलीतले, व्हेनिसकडचे. स्त्रियांच्या बाबतीत जगप्रसिद्ध झालेल्या कॅसानोव्हाचे हे दोस्त. स्वतःच्या देशातून परागंदा होऊन अठराव्या शतकात कलकत्त्याला आले आणि कंपनी सरकारात रस्ते आणि इमारतींचे अधीक्षक झाले. त्यांनी बाजार बसवला आणि पुढे दिवाळे निघाल्यावर तो लॉटरीत बक्षीस म्हणून लावला गेला. म्हणजे कॅसानोव्हाच्या मित्राने बसवलेला, सोडतीत गेलेला आणि चिनी माणसांनी भरलेला हा बंगालमधला बाजार! इतक्या पार्ट्यांचे संयुक्त खाते मी उभ्या नोकरीत उघडलेले नाही.

पण पहिला चिनी माणूस इथे आला तो टिरेटासाठी नव्हे, साखरेसाठी. त्याचे नाव टाँग अच्यू. १७७८ च्या सुमारास तो आला आणि गव्हर्नर जनरल वॉरन हेस्टिंग्जकडून त्याने हुगळीच्या काठी, बजबजजवळ जमीन मिळवली. दंतकथा अशी की, दिवसभरात घोड्यावरून जेवढी जमीन ओलांडशील तेवढी तुझी, असा सौदा झाला होता. आमच्या शेतीकर्ज विभागात ही पद्धत नाही हे एका अर्थी बरेच आहे. अच्यूने तिथे ऊस लावला, साखरेचा कारखाना काढला आणि चीनहून मजूर आणले. हे मजूर पळून कलकत्त्यात शिरू लागले. अच्यूने तक्रार केली, आणि १७८१ साली कंपनी सरकारने जाहीर नोटीस काढली की, अच्यूच्या माणसांना कुणी फूस लावू नये. सरकारी नोटिशीचा जो परिणाम नेहमी होतो तोच झाला. १७८३ च्या सुमारास अच्यू वारला, कारखाना मोडला आणि उरलेसुरले चिनी शहरात आले. त्या गावाला मात्र अजून अच्छीपूर म्हणतात. तिथे नदीकाठी त्याची घोड्याच्या नालेच्या आकाराची लाल समाधी आहे आणि चिनी नववर्षाच्या दिवसांत कलकत्त्याचे चिनी तिथे जाऊन उदबत्त्या लावतात. बंगालीत साखरेला चिनी म्हणतात. अच्यूच्या कितीतरी आधीपासून म्हणतात, पण त्या शब्दाला तो माणूस चांगला जागला.

एवढा इतिहास होईपर्यंत नाश्ता आला. फुटपाथवर अल्युमिनियमच्या मोठमोठ्या भांड्यांतून वाफ निघत होती. मऊ पांढरे पाव ज्यांना बाओ म्हणतात ते, मोमो, माशाच्या गोळ्यांचे सूप, डुकराच्या मांसाचे सॉसेज, तिळात घोळवून तळलेले गोड गोळे. सगळा कारभार आठ-साडेआठपर्यंत. नंतर तिथे कलकत्त्यातला कुठलाही फुटपाथ असतो. हिने एक भाजीचा मोमो हातात घेतला, उलटसुलट केला, त्याच्या कळ्या मोजल्या आणि निकाल दिला, "मोदकच आहे, पण हात घाईचा आहे." चार हजार किलोमीटरवरच्या एका संस्कृतीला याहून कमी शब्दांत आपलेसे करून घेतलेले मी पाहिलेले नाही.

खाणे विकणाऱ्यांत आता बंगाली आणि बिहारीही बरेच आहेत. पण एका टोपलीमागे एक वृद्ध चिनी बाई बसल्या होत्या. आमच्या घोळक्यातल्या एका हौशी गृहस्थांनी त्यांना हिंदीत विचारले, "आप चीन से कब आयीं?"

बाईंनी बाओ कागदात गुंडाळला, पैसे मोजून घेतले आणि म्हणाल्या, "मैं तो कभी गयी नहीं. आप गये थे क्या?"

त्या बोबाजारात जन्मलेल्या. मुलगी टोरांटोला. बंगालीत भांडतात, हिंदीत हिशेब करतात. मराठीचेच काय ते राहिले होते. तेही आणखी दहा मिनिटे हिच्याशी बोलत बसल्या असत्या तर झाले असते.

मार्गदर्शकाने मग आम्हाला देवळे दाखवली. इथे चिनी देवळाला चर्च म्हणतात. १९०५ सालचे सी इप चर्च, त्यात करुणेची देवी. तुंग ऑन चर्चमध्ये युद्धाचा देव, आणि त्याच्याच खाली एके काळी १९२४ सालचे नानकिंग हॉटेल, जिथे हिंदी सिनेमातली बडी मंडळी जेवायला येत. वर युद्धदेव आणि खाली नूडल्स, ही सोय मला आवडली.

या लोकांनी धंदे कसे वाटून घेतले होते ते ऐकून वाणिज्य शाखेचा पदवीधर म्हणून मला भरून आले. कँटनकडचे लोक सुतार. हुपेकडचे दातांचे डॉक्टर. शांतुंगचे रेशीम विकणारे. आणि हाक्का म्हणजे चामड्याचे राजे. बेंटिंक स्ट्रीटवर त्यांची बुटांची दुकाने, आणि शहराच्या पूर्वेला टांगरा इथे पहिल्या महायुद्धाच्या सुमारापासून त्यांच्या टॅनऱ्या. चामड्यातच का? कारण ते काम आपल्याकडे वरच्या म्हणवणाऱ्यांना विटाळाचे वाटे. आपण ज्या धंद्याला नाक मुरडले, त्यात या माणसांनी नाक दाबून पैसा केला आणि आपल्याला बूट घातले.

इथवर सगळे गोड होते. मग आमचा मार्गदर्शक थांबला आणि म्हणाला, "दादा, अब बासठ."

१९६२ चे युद्ध २० ऑक्टोबरला सुरू झाले आणि २१ नोव्हेंबरला चीनने शस्त्रसंधी जाहीर केली. महिनाभराचा मामला. पण त्याच काळात भारत संरक्षण कायद्याखाली आसाम, बंगाल आणि आसपासच्या भागांतून सुमारे तीन हजार चिनी वंशाची माणसे उचलली गेली. त्यांत म्हातारेकोतारे होते आणि अंगावरची पोरेही होती. जन्म कुठला, चीन कधी पाहिला का, याची चौकशी कुणी फारशी केली नाही. त्यांना आगगाडीने राजस्थानात देवळीच्या छावणीत नेले. ही छावणी इंग्रजांच्या वापरातली. तिथे त्यांनी जयप्रकाश नारायण आणि आपले कॉम्रेड डांगे यांना ठेवले होते. इंग्रज गेले, पण जागा रिकामी ठेवायची नाही हा सरकारी नियम राहिला. काहींना पुढे बोटीने चीनला पाठवले, म्हणजे जो देश त्यांनी पाहिलाच नव्हता तिथे "परत" पाठवले. शेवटची माणसे सुटायला १९६७ उजाडले. युद्ध एक महिना, छावणी साडेचार वर्षे.

बाहेर राहिलेल्यांचेही बरे नव्हते. फिरायला परवाने, नोकऱ्या गेलेल्या, शेजारी अचानक आखडलेले. बँक ऑफ चायनाच्या कलकत्ता आणि मुंबईतल्या शाखा त्याच साली सरकारने बंद केल्या. मी तिथे उभा राहून, माझ्या सवयीप्रमाणे, काउंटरच्या अलीकडे उभ्या राहिलेल्या माणसाचा विचार केला. हातात पासबुक आहे, आत पैसे आहेत आणि शटर खाली आहे. आमच्याकडे नुसता सर्व्हर बंद पडला तर माणसे काय काय बोलतात, ते मी रोज ऐकतो.

मग माणसे निघाली. कुणी कॅनडाला, कुणी ऑस्ट्रेलियाला. एके काळी कलकत्त्यात वीस हजारांच्या आसपास चिनी होते असे सांगतात. आता दोन हजारांच्या घरात असतील. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने प्रदूषणामुळे टॅनऱ्या शहराबाहेर हलवण्याचा हुकूम दिला आणि टांगऱ्यातल्या कित्येकांनी कातड्याच्या जागी कढया मांडल्या. तिथे एक चिनी कालीमंदिरही आहे, आणि त्यात प्रसाद म्हणून नूडल्स मिळतात. हिने तेवढ्यासाठी टॅक्सी करायला लावली. प्रसाद कपाळाला लावताना एक नूडल चष्म्याला चिकटली, पण श्रद्धेत काही कमी झाले नाही.

आणि कोपऱ्यावरची ती लाल गाडी? कलकत्त्याच्या चिनी कुटुंबात जन्मलेले नेल्सन वाँग मुंबईला आले आणि १९७५ साली क्रिकेट क्लब ऑफ इंडियात स्वयंपाक करताना त्यांनी आले, लसूण, हिरवी मिरची, म्हणजे आपलीच फोडणी घेऊन, तिच्यात सोया सॉस ओतला आणि चिकन मंचुरियन जन्माला घातले. मंचुरियात ते कुणाला ठाऊक नाही. आपल्याकडे मात्र ते कोबीचे झाले, गोबीचे झाले, पनीरचे झाले, लग्नाच्या पंगतीत आले. बासष्ट सालानंतरच्या तेरा वर्षांत एका चिनी माणसाचा पदार्थ आपण असा पोटात घेतला की, त्याचा पासपोर्ट कुणी विचारला नाही.

माणसांच्या बाबतीत मात्र हिशेब जुळत नाही. देवळीतून सुटून कॅनडात गेलेल्या काहींनी म्हातारपणी भारत सरकारकडे एक मागणी केली आहे. ती दिलगिरीची. नावे बाजू इतकी मोठी असताना जमेला एवढी छोटी रक्कम मागणारा खातेदार माझ्या नोकरीत मला भेटलेला नाही. आमच्या शाखेत लाईट गेले की आम्ही लगेच पुठ्ठ्याची एक पाटी लावतो, "गैरसोयीबद्दल क्षमस्व". पुठ्ठा जुन्या खोक्याचा आणि स्केचपेन शिपायाचे. खर्च काही येत नाही.