नदी वळवली तेव्हापासून

ओक्सारा नदी आज ज्या कड्यावरून खाली उडी घेते, तो कडा तिला माणसांनी नेमून दिला. ‘स्तुर्लुंगा सागा’ या मध्ययुगीन संग्रहात तशी नोंदच आहे. खालच्या माळावर सभेला जमणाऱ्या लोकांना पाणी मिळावं म्हणून आइसलँडमध्ये वसलेल्या मंडळींनी या नदीचा प्रवाह मुद्दाम अल्मन्नाग्याऊ या लांबलचक भेगेत वळवला. त्या पाण्याचा झाला ओक्सारारफॉस. रेक्याविकपासून जेमतेम 45 किलोमीटरवर, थिंगवेलिरच्या काळ्या कातळांत तो आजही कोसळतो. धबधबा आणि व्हायकिंग काळ यांची गाठ पर्यटन कंपन्यांनी मारली, असं ज्यांना वाटतं त्यांनी आधी या धबधब्यापाशी उभं राहावं.

आज ही सहल आइसलँडमध्ये सगळीकडे मिळते. खासगी गाडी, सोबत एक गाइड, सकाळी हॉटेलच्या दारातून निघायचं आणि संध्याकाळी परत. दोन-तीन धबधबे, एखादं व्हायकिंग काळातलं घर, वाटेत सागांमधल्या, म्हणजे आइसलँडच्या मध्ययुगीन गद्यकथांमधल्या, गोष्टी. हा दिवस घडायला जवळजवळ 1100 वर्षं लागली आहेत, आणि त्यातली बरीच वर्षं तो ‘दिवस’ नव्हताच.

मूळ प्रवास होता आल्थिंगचा. इ.स. 930 च्या सुमारास ही सभा थिंगवेलिरला भरू लागली. दर उन्हाळ्यात देशभरातले गोदी, म्हणजे स्थानिक सरदार, आपापल्या शेतकऱ्यांना घेऊन घोड्यांवरून इथे येत. पूर्वेकडच्या लोकांना यायलाच दोन आठवड्यांहून जास्त लागत. सुमारे दोन आठवडे खटले चालत, लग्नं ठरत, बातम्या फिरत. लोग्बेर्ग या खडकावर उभा राहून कायदे सांगणारा दरवर्षी एक तृतीयांश कायदा तोंडपाठ म्हणून दाखवी. तीन वर्षांत सगळा कायदा लोकांच्या कानांवरून जाई. लिहिलेलं काही नव्हतं आणि बांधलेलंही जवळपास काही नव्हतं. मुक्कामाच्या खोपटांना दगडमातीच्या बुटक्या भिंती असत. लोक आले की वर कापड ताणायचं, गेले की काढून न्यायचं.

माझ्या मते इथेच या सगळ्या प्रकाराचं मर्म आहे. आइसलँडच्या त्या लोकांनी वाडे, मंदिरं, किल्ले मागे ठेवले नाहीत. गवताळ मातीच्या लाद्या आणि लाकूड यांची त्यांची घरं दोन-चार पिढ्यांत जमिनीत मिसळून जात. उरली ती नदी, टेकडी, धबधबा आणि त्यांना चिकटलेली गोष्ट. गोष्ट सांगणारा बरोबर नसेल तर थिंगवेलिर म्हणजे लाव्हा, शेवाळ आणि वारा. म्हणून इथे गाइड ही चैनीची वस्तू नाही, वारशाचा निम्मा भाग तोच सांभाळतो.

गोष्टी सांगताना माणसं त्यात भरही घालतात. इ.स. 1000 च्या आसपास आल्थिंगमध्ये देश ख्रिस्ती करायचा की नाही यावर फूट पडायची वेळ आली. निवाडा थोर्गेइर या मूर्तिपूजक कायदेवक्त्यावर सोपवला गेला. तो दिवसभर आणि रात्रभर पांघरुणाखाली पडून राहिला आणि मग ख्रिस्ती धर्माच्या बाजूने निर्णय दिला. हे बाराव्या शतकातल्या आरी थोर्गिल्सन या इतिहासकाराने लिहून ठेवलं आहे. उत्तरेतल्या गोदाफॉसवर मात्र गाइड पुढचा भागही सांगतात: घरी परतताना थोर्गेइरने आपल्या देवांच्या मूर्ती याच धबधब्यात फेकल्या. आरीच्या पुस्तकात यातलं अक्षर नाही. ही आख्यायिका एकोणिसाव्या शतकात छापली जाऊ लागली. मला ती टाकून द्यावीशी वाटत नाही. ती सांगताना तिचं वयही सांगावं, इतकंच.

एकोणिसाव्या शतकातच जागा आणि गोष्ट या जोडीला तिचं आजचं रूप आलं, आणि तेही आइसलँडमध्ये नव्हे, कोपनहेगनमध्ये. देश तेव्हा डेन्मार्कच्या ताब्यात होता आणि आल्थिंग 1800 साली बरखास्त झालेलं होतं. कोपनहेगनला शिकणाऱ्या काही आइसलँडिक तरुणांनी 1835 मध्ये ‘फ्योल्निर’ हे नियतकालिक काढलं. त्यांच्यातला योनास हाल्ग्रिमसन निसर्गशास्त्रज्ञ होता आणि कवीही. पहिल्याच अंकात त्याने थिंगवेलिरच्या ओसाडपणावर कविता लिहिली. पुढे 1838 मध्ये त्याची ‘गुन्नार्सहोल्मी’ छापून आली. तिचा विषय ‘न्यालची सागा’मधला एक प्रसंग आहे. गुन्नारला तीन वर्षांची हद्दपारी झालेली असते. जहाजाकडे जाताना घोडा अडखळतो, गुन्नार उडी मारून उतरतो, मागे वळून आपल्या ह्लिदारएन्दीच्या उताराकडे बघतो आणि ठरवतो की जायचं नाही. या निर्णयापायी पुढे त्याचा जीव जातो. त्या उतारावरचं गवत, मागचा हिमाच्छादित डोंगर, खाली उतरणारे पाण्याचे ओघ आणि एका माणसाचं मरण यांना योनासने एकत्र बांधलं. तिथून पुढे शिकलेल्या आइसलँडिक माणसाला हा मुलूख सागांशिवाय पाहता येईना.

बाहेरचे लोक मात्र वेगळ्याच ओढीने येत होते. 1772 मध्ये जोसेफ बँक्स आला तो हेक्ला ज्वालामुखी आणि उकळत्या पाण्याचे फवारे पाहायला. नंतरही कित्येक वर्षं प्रवाशांचं मुख्य ठिकाण या फवाऱ्यांचं गेसिरच राहिलं, थिंगवेलिर वाटेवरचा मुक्काम. 1845 मध्ये व्हिएन्नाची इडा फायफर एकटी येऊन हा रस्ता घोड्यावरून तुडवून गेली. 1856 मध्ये लॉर्ड डफरिन आपल्या ‘फोम’ नावाच्या जहाजातून आला आणि घरी लिहिलेल्या पत्रांचं त्याने पुस्तक केलं. हाच डफरिन पुढे हिंदुस्थानचा व्हाइसरॉय झाला. मुंबईत 1885 साली काँग्रेसचं पहिलं अधिवेशन भरलं ते त्याच्याच कारकिर्दीत. 1872 मध्ये आलेला रिचर्ड बर्टन तर मुंबईच्या फौजेत असताना मराठीची परीक्षा उत्तीर्ण झालेला माणूस. त्याचं काम गंधकाच्या खाणींची पाहणी करण्याचं होतं. आधीच्या प्रवाशांनी इथली दृश्यं फुगवून सांगितली आहेत, असं त्याचं मत झालं. आल्प्स, आफ्रिका, ब्राझील पाहून आलेल्या माणसाला तसं वाटणं मी समजू शकतो. पण सागांनी भारलेल्यांना ते पटण्यासारखं नव्हतं.

त्या भारलेल्यांची रांग जॉर्ज डेसेंटपासून लागते. त्याचं ‘न्यालची सागा’चं इंग्रजी भाषांतर 1861 मध्ये निघालं, आणि त्यात नकाशेही होते. म्हणजे पुस्तक हातात धरून जागा शोधत जाणं आता शक्य झालं. कापडांवरच्या नक्ष्यांसाठी आपल्याला ठाऊक असलेला विल्यम मॉरिस 1871 मध्ये आणि पुन्हा 1873 मध्ये तसाच आला. पहिल्या खेपेला त्याच्याबरोबर एइरिकुर माग्नुसन हा आइसलँडिक अभ्यासक होता. दोघे मिळून सागांची भाषांतरं करत. न्यालला घरासकट जाळलं ते बेर्गथोर्सख्वोल, गुन्नारचं ह्लिदारएन्दी, मग थिंगवेलिर अशा जागा मॉरिसने यात्रेकरूच्या भावनेने पाहिल्या. 1897 मध्ये चित्रकार कॉलिंगवूड आला. त्याने सागांच्या जागांची जलरंगांत चित्रं काढली, आणि पुढे निघालेल्या पुस्तकाच्या नावातच त्याने आपल्या प्रवासाला यात्रा म्हटलं. आजच्या गाइडच्या तोंडी असलेला ‘हीच ती जागा’ हा सूर या पुस्तकांतून आला आहे.

तेव्हाचा प्रत्येक प्रवास खासगीच असे. रेक्याविकला उतरलं की वाटाड्या ठरवायचा, आणि इंग्रजांमध्ये गेइर सोएगा याचं नाव विशेष चालत असे. माणशी निदान दोन घोडी लागत, एक बसायला आणि एक आलटून-पालटून घ्यायला. सामानाची घोडी वेगळी. गेसिरला जाऊन यायला चार-पाच दिवस सहज लागत. झोपायला तंबू, पाद्र्याचं घर किंवा चक्क चर्च. गुल्फॉस हा आजचा सर्वांत गाजलेला धबधबा तिथून दहाच किलोमीटरवर, तरीही अनेक जण फवारे पाहून माघारी फिरत. 1907 मध्ये डेन्मार्कचा राजा आठवा फ्रेडरिक येणार म्हणून थिंगवेलिर, गेसिर आणि गुल्फॉस जोडणारा रस्ता तयार झाला. ‘गोल्डन सर्कल’ नावाची आजची सहल बऱ्याच अंशी त्या राजरस्त्याच्या रेषेत चालते.

आता गुल्फॉसबद्दल, आणि इथे मी जरा थांबणार आहे, कारण गाइडांच्या या वंशावळीत मला सर्वांत जवळची वाटणारी बाई इथली आहे. सिग्रीदुर तोमासदोत्तिर, जन्म 1871, ब्राटहोल्ट या शेतावरची. धबधबा त्यांच्या जमिनीच्या हद्दीत. हॉटेलं नव्हती, बसगाड्या नव्हत्या, तेव्हा आलेल्या पाहुण्यांना धबधब्यापर्यंत घेऊन जाण्याचं काम ती आणि तिच्या बहिणी करत. खाली उतरणारी पहिली पायवाट त्यांनीच घातली. शाळेचं शिक्षण तिला फारसं नव्हतं, पण ती चित्रं काढी, भरतकाम करी, भरपूर वाची. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला परदेशी भांडवलदारांना या 32 मीटरच्या, दोन टप्प्यांत कोसळणाऱ्या पाण्यावर वीज हवी होती. धबधब्याचा हक्क भाडेपट्ट्याने दिला गेला, आणि तो रद्द व्हावा म्हणून सिग्रीदुर कोर्टात गेली. खर्चाला स्वतःची पुंजी. रेक्याविक शंभरावर किलोमीटर दूर, आणि त्या खेपा तिने अनेकदा पायी केल्या. धरणाची पहिली कुदळ पडली तर मी धबधब्यात उडी घेईन, असं ती म्हणाल्याचं आजही सांगितलं जातं. ती खटला हरली. पण भाडं थकल्यामुळे 1920च्या दशकाच्या अखेरीस करार संपुष्टात आला आणि धरण झालंच नाही. तिचा वकील स्वेइन ब्योर्नसन पुढे आइसलँडचा पहिला राष्ट्राध्यक्ष झाला. गुल्फॉसला कायद्याचं संरक्षण 1979 मध्ये मिळालं. सिग्रीदुर 1957 मध्ये वारली होती. धबधब्याच्या वरच्या बाजूला तिच्या चेहऱ्याचा शिलाफलक आहे. तिला पर्यावरणवादी म्हणतात ते योग्यच आहे, पण ती गुल्फॉसची पहिली गाइड होती हेही त्याच दमात सांगायला हवं.

दक्षिण किनाऱ्याची सहल मात्र पुलांची वाट पाहत थांबली होती. हिमनद्यांचं पाणी वाहून आणणाऱ्या मार्कारफ्ल्योत नदीवर 1934 मध्ये पूल झाला. त्याआधी तिचे सतत जागा बदलणारे प्रवाह घोड्यावरून ओलांडावे लागत. सुमारे 60 मीटर उंचीचे सेल्यालान्सफॉस आणि स्कोगाफॉस हे दोन धबधबे तिच्या पलीकडे. स्कोगाफॉसच्या पडद्यामागे थ्रासी नावाच्या आद्य वसाहतकाराने सोन्याची पेटी लपवली, आणि ती ओढून काढू पाहणाऱ्यांच्या हाती फक्त पेटीची कडी आली, अशी गोष्ट आहे. ती कडी म्हणून दाखवली जाणारी वस्तू जवळच्या स्कोगार संग्रहालयात आहे. हे संग्रहालय उभं केलं थोर्दुर तोमासन यांनी. आजूबाजूच्या शेतांवरून मासेमारीची होडी, दुधाची भांडी, घरांच्या लाकडी भिंतीसुद्धा त्यांनी गोळा करून आणल्या. 2022 मध्ये वयाच्या शंभराव्या वर्षी ते गेले.

धबधबे आणि व्हायकिंग काळ यांची खरी शेजारवस्ती पाहायची तर मी थ्योर्सारदालुर खोरं निवडेन. 1104 मध्ये हेक्लाचा उद्रेक झाला आणि खोऱ्यातली शेतं फिकट राखेखाली गेली. त्यांतलं स्तोंग हे शेत 1939 मध्ये उत्तर युरोपातल्या पुरातत्त्वज्ञांनी मिळून खणलं. लांबट दालन, मधली चूल, दुधदुभत्याची खोली, सगळ्याचा आराखडा हाती आला. वसाहतीला 1100 वर्षं झाल्याच्या निमित्ताने 1970च्या दशकात त्या आराखड्यावरून जवळच एक पूर्ण घर बांधलं, थ्योदवेल्दिसबाइर. गवताच्या छपराचं, आत अंधारं आणि ओलसर. शेजारी ह्यालपारफॉसचे दोन ओघ एका डोहात उतरतात, आणि स्तोंगपासून थोडं चाललं की ग्याऊइनची घळ लागते. लहान-लहान धबधब्यांनी भरलेल्या त्या घळीतून शेतावरच्या बायका-माणसांची रोजची ये-जा असणार. शेवटचा रस्ता खडीचा आहे, मोठ्या बसला तिथे जाता येत नाही. खासगी गाडी घेण्याला याहून चांगलं कारण मला दिसत नाही.

हे घर ब्युर्फेल जलविद्युत केंद्राजवळ आहे आणि राष्ट्रीय वीज कंपनीने त्याच्या उभारणीत हात दिला होता. 1969 मध्ये सुरू झालेल्या या केंद्राची वीज मुख्यतः ॲल्युमिनियमच्या कारखान्यासाठी होती. ज्या थ्योर्सा नदीवर हे केंद्र आहे, तिच्याच खालच्या अंगाला ह्वाम्मुर इथे आणखी एक धरण बांधण्यावरून गेली अनेक वर्षं वाद चालू आहे. काठावरचे काही शेतकरी कोर्टातही गेले. 2010 मध्ये या देशात सुमारे 5 लाख परदेशी पाहुणे आले होते, 2018 मध्ये 23 लाखांच्या वर. त्यांतल्या खूप जणांची गाडी थ्योर्सावरच्या पुलावरून जाते. गुन्नारची गोष्ट सांगणाऱ्या गाइडने त्या पुलावर सिग्रीदुरचा खटलाही सांगावा, आणि ह्वाम्मुरच्या धरणाचा हा वादही.